प्रॉम्प्टर डावीकडेच बसतो

"घरात मराठीत तोंड उघडत नाही, अन् जर्मन शिकून राहिली म्हणे," सासूबाई सुपातल्या लाखोळीच्या डाळीला सांगत होत्या.

डाळीला म्हणजे मला. मी हातभर अंतरावर बसून वांगी चिरत होते. पण आमच्या घरात कुणाला काही सांगायचं असलं तर ते डाळीला सांगतात, मांजरीला सांगतात, फारच महत्त्वाचं असलं तर टीव्हीवर बातम्या देणाऱ्या बाईला सांगतात. ज्याला सांगायचं त्याला सांगण्याची रीत नाही. लग्न होऊन लाखनीला आले तेव्हा मला वाटलं होतं, ही माणसं शांत आहेत. पुढे कळलं की घाबरट आहेत. लांबून दोन्ही सारखंच दिसतं, कारण आवाज कशातच होत नाही.

ओसरीवरून मात्र आवाज येत होता. माझी मुलगी कामिनी एकच वाक्य घोकत होती, "माइन मान इस्ट गूट." माझा नवरा चांगला आहे. ती ते म्हणायची, अडखळायची, मास्तर तिला थांबवायचे, ती पुन्हा म्हणायची. समोरच्या घरात अंगण झाडता झाडता आमच्या शकुनबाईही तेच गुणगुणत होत्या. त्यांचा नवरा त्या वेळी नालीजवळ कालची उतरवत बसला होता. त्यालाही कुणीतरी जर्मनमध्ये चांगलं म्हणत होतं, पण बिचाऱ्याला त्याचा पत्ता नव्हता.

आता हे जर्मन आमच्या ओसरीवर कसं आलं ते सांगते. मागच्या वर्षी पोळ्याला कामिनी तुमसरहून माहेरपणाला आली, ती अजून माहेरपणातच आहे. आली तेव्हा तिच्या डाव्या कानात कापूस होता. कानात पाणी गेलं, असं आमचे जावई वीरेंद्र यांनी फोनवर सांगितलं, आणि आम्ही ते पाणी जसंच्या तसं आळीत वाटलं. भंडाऱ्याच्या डॉक्टरांकडे नेलं. काय झालं होतं, असं डॉक्टरांनी आमच्या यांना विचारलं. हे म्हणाले, पाणी. डॉक्टरांनी कामिनीकडे पाहिलं, कामिनीने भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. मग डॉक्टरांनीही कागदावर पाणीच लिहिलं. तेव्हापासून तिला डावीकडून ऐकू येत नाही, आणि घरातला प्रत्येक माणूस आपोआप तिच्या उजव्या बाजूला जाऊन बोलतो. असं का करायचं हे कुणी कुणाला सांगितलं नाही. सांगायची रीतच नाही ना.

पण शकुनबाईंना रीतभात नाही. "पुष्पाबाई, कामिनी कधी जाते वं?" हा प्रश्न त्या दूधवाल्याइतक्या नियमाने आणायच्या. आधी आम्ही हवापालट सांगितला. तुमसरची हवा आणि लाखनीची हवा यांच्यामध्ये एक तास एसटीचा आहे, तरी तो काही दिवस चालला. मग रक्त कमी आहे हे चाललं. मग धानाच्या रोवणीच्या दिवसांत घरी हात पाहिजे हेही चाललं, आमची रोवणी सगळी ठेक्याने दिलेली असूनसुद्धा. सबबी म्हणजे उन्हाळ्यातला तलाव. वापरता वापरता एक दिवस तळाची भेगाळलेली माती दिसते.

तो दिवस आला तेव्हा हे पिठाच्या गिरणीवर उभे होते. गर्दी होती, पीठ उडत होतं, आणि कुणीतरी विचारलं. यांनी समोर पाहिलं. गिरणीच्या दारावर एक कागद चिकटवला होता, 'जर्मन शिका, जर्मनीत नर्स व्हा.' कामिनी नर्सिंग शिकलेली. यांच्या तोंडून निघून गेलं, "थे आता जर्मनीले जाऊन राहिली."

दळण घरी यायच्या आत बातमी घरी आली. सासूबाईंनी मांजरीला विचारलं, जर्मनी म्हणजे नागपूरच्या पुढे का. यांनी टीव्हीला सांगितलं की सांगितलंच आहे तर आता शिकवावं लागेल. कामिनीला कुणी काही विचारलं नाही. एक खोटं निभवायला इतकी मेहनत आमच्या घराण्यात याआधी कुणी घेतली नव्हती.

तो कागद भुपेंद्र सरांचा होता. भुपेंद्र सर म्हणजे दिवाळीपासून होळीपर्यंत झाडीपट्टीच्या नाटकांचे प्रॉम्प्टर आणि उरलेल्या महिन्यांत परदेशी भाषांचे मास्तर. विंगेत बसून वही उघडायची आणि नट अडला की त्याच्या कानात पुढचं वाक्य टाकायचं, ही विद्या त्यांना वडिलांकडून आलेली. त्यांचा आवाज असा की नटाला स्पष्ट ऐकू यावा आणि पहिल्या रांगेतल्या सरपंचाला मुळीच येऊ नये. जर्मन ते मोबाइलवर शिकले होते. मी त्याला नावं ठेवणार नाही. मी स्वतः नववीत शाळा सोडली आणि त्यानंतर जे वाचलं ते किराण्याच्या पुड्यांवर आणि वाचनालयातल्या पुठ्ठा गेलेल्या पुस्तकांत. आपल्या आपण शिकलेल्या माणसाला आपल्या आपण शिकलेला माणूस लांबून ओळखू येतो. चुकाही सारख्याच असतात, फक्त विषय वेगळे.

सरांचा वर्ग खताच्या दुकानाच्या माडीवर होता. पाऊस वाढला, दुकानदाराला युरिया ठेवायला माडी पाहिजे झाली, आणि वर्ग रस्त्यावर आला. यांनी मोठ्या मनाने आपली ओसरी देऊ केली. वर्ग घरीच भरतो म्हटल्यावर आळीत शंका राहणार नाही, असा त्यामागचा हिशेब. सासूबाईंनी त्या दिवशी डाळीला बरंच ऐकवलं. वर्गात कामिनी, आणखी चार-दोन पोरी आणि मोबाइलच्या दुकानाचा मालक अतुल. अतुलला जर्मनीला जायचं नव्हतं. त्याला नाटकात काम करायचं होतं, आणि भुपेंद्र सरांची ओळख हाच त्यावर उपाय आहे असं त्याला वाटायचं.

नागपूरच्या ज्या संस्थेमार्फत नर्सा पाठवायच्या होत्या तिने एक पत्रक दिलं होतं. उमेदवाराची संवादक्षमता तपासली जाईल, पाठांतर चालणार नाही, असं त्यात लिहिलं होतं. सरांनी ते वाचलं आणि मान डोलावली. पाठांतर चालणार नाही हे त्यांनाही मान्य होतं. पाठांतर नटाचं काम, त्यात प्रॉम्प्टरला काय काम उरतं? त्यांनी आठवडाभर बसून जर्मन मुलाखतीची संहिता लिहिली. एक अंक, एक प्रवेश. स्थळ, एका वृद्धाश्रमाचं कार्यालय. पात्रं दोन, जर्मन मॅडम आणि कामिनी. दोघींचीही वाक्यं पक्की. मॅडम नाव विचारणार, कामिनी नाव सांगणार. मॅडम वय विचारणार, मग गाव, मग लग्न झालं का, मग म्हातारी माणसं आवडतात का. तालमीत मॅडमचं काम अतुल करायचा. डोक्यावर ओढणी घेऊन, एक पाय पुढे टाकून तो नमस्कार म्हणून असा "गुटन टाग" म्हणायचा की शकुनबाई पाणी भरायचं सोडून पाहायला यायच्या.

मी दबकत विचारलं, खरी मॅडम भलतंच काही विचारायला लागली तर?

सर हसले. "वहिनी, समोरच्या नटानं आपलं वाक्य सोडलं त नाटक त्याचं पडते, आपलं नाही."

संहितेतला चौथा प्रश्न नवऱ्याचा होता. सरांनी यांना विचारून लिहिलं होतं. हो, लग्न झालं आहे. माझा नवरा तुमसरला असतो. माझा नवरा चांगला आहे, तो मला पाठिंबा देतो. कामिनी बाकी सगळं घडघड बोलायची. हात, पाय, डोळे, कान यांचं चित्र ओसरीवर टांगलं होतं, त्यातला शब्द न् शब्द तिला आला. म्हाताऱ्या माणसांना कसं उठवायचं, कसं बसवायचं, पाणी कसं पाजायचं, सगळं आलं. करार संपला की मी परत येईन, हेसुद्धा नीट यायचं, 'त्सुर्युक' हा परतीचा शब्द जिभेला गाठ पाडणारा असला तरी. पण माइन मान म्हटलं की तिची गाडी थांबायची. सरांना वाटलं, ओठांचा दोष आहे. त्यांनी तिला गूट म्हणताना ओठांचा चंबू करायला शिकवलं. शकुनबाईंनी ज्येष्ठमध चघळायला दिला. त्यांच्या कुठल्या नातेवाइकाचा तोतरेपणा तोंडात गोटी ठेवून गेला होता म्हणे. गोटी ठेवून झाली. तिच्या आजीने तर एकदा चक्क कामिनीकडे पाहून सांगितलं, "म्हण ना बाई, म्हणाले काय जाते."

सगळी आळी त्या पोरीच्या तोंडून तेवढं एक वाक्य काढायला कामाला लागली होती. ते का निघत नाही, हे सरांशिवाय प्रत्येकाला ठाऊक होतं. मी तेव्हा स्वयंपाकघरात असायचे. फोडणी टाकायची आणि ती तडतडेपर्यंत ऐकायचं. मी मोहरी जरा जास्तच टाकायला लागले होते.

दुसरी अडचण बसण्याची. मुलाखत आमच्या ओसरीवरूनच, लॅपटॉपवर व्हायची होती, आणि त्या दिवशी सर दाराच्या पडद्याआड बसून प्रॉम्प्टिंग करणार होते. पडदा कामिनीच्या डाव्या हाताला. तालमीत ती अडली की सर पडद्याआडून वाक्य टाकायचे आणि ते वाक्य तिच्या कानाजवळून वाट चुकून अंगणात जायचं. शकुनबाईंना ऐकू यायचं. मांजरीला यायचं. तिला नाही. लक्ष नाही, लक्ष नाही, असं सर कपाळावर हात मारून म्हणायचे.

मी सुचवलं, तुम्ही उजवीकडच्या खिडकीशी बसा.

सरांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी त्यांना देवळात चप्पल घालून जायला सांगितलं. "प्रॉम्प्टर डावीकडेच बसते, वहिनी. माझे वडील डावीकडे बसले, त्याईचे गुरू डावीकडे बसले. उजवीकडे कायले बसू, ते तरी सांगा."

ते तरी सांगा. ओसरीवर हे होते, सासूबाई होत्या, शकुनबाई नेहमीप्रमाणे होत्याच. कामिनी खाली पाहत होती. माझ्या तोंडात वाक्य तयार होतं, मराठीतलं, एका श्वासाचं. हे खाकरले. मी म्हणाले, "उजवीकडे हवा चांगली येते."

"हवेचं काय, मले सवय आहे," सर म्हणाले आणि डावीकडेच बसले. त्यांचा काही दोष नव्हता. ज्यांना माहीत होतं त्या सगळ्यांनी मिळून त्यांना हवा सांगितली होती.

त्या दिवसापासून मीही जर्मन शिकायला लागले. उघड नाही. ओसरीवरचा फळा सर गेल्यावर पुसायच्या आधी वाचायचा, कामिनीच्या मोबाइलवरचे धडे दुपारी ऐकायचे. शेंगा फोडता फोडता मी आकडे शिकले, तांदूळ निवडता निवडता शरीराचे अवयव. वाटलं, ही गेली तर तिकडून फोनवर कुणी काही बोललं तर कळावं. खरं तर तेही नाही. आमच्या घरात जी भाषा होती तिच्यात सगळे शब्द असून काही बोलता येत नव्हतं. ज्या भाषेत शब्द कमी आहेत तिच्यात लपायला जागाही कमी असेल, असं काहीतरी माझ्या मनात असावं.

पासपोर्टचं प्रकरण मी थोडक्यात सांगते, कारण यांचा अपमान अजून ओला आहे. हे कचेरीतले बाबू. रकाना रिकामा आहे म्हणून लोकांचे अर्ज परत करण्यात उभी नोकरी गेली. आता हेच खिडकीच्या अलीकडे उभे राहिले. कामिनीच्या आधारकार्डावर तुमसरचा पत्ता. म्हणजे पोलीस चौकशीला तुमसरला जाणार, आणि जावयाच्या दारात उभे राहून विचारणार की तुमची बायको कुठे आहे. पत्ता बदलायचा तर इथे का राहते ते सांगा. पतीचे नाव या रकान्यापाशी यांनी पेन टेकवला आणि उचलला, टेकवला आणि उचलला. खिडकीतली पोरगी सभ्य होती. तिने एवढंच विचारलं की मिस्टर सोबत येऊ शकतील का. हे म्हणाले, ते टूरवर आहेत. वीरेंद्रचं तुमसरला लोखंडी सामानाचं दुकान आहे, तो कढयांच्या राशीवरून खाली उतरत नाही. पोरीने नाव विचारलं, अर्ज बाजूला ठेवला आणि रकाना भरून आणायला सांगितलं. परत येताना एसटीत हे माझ्याशी बोलले नाहीत. खिडकीबाहेरच्या धानाच्या बांध्यांना म्हणाले, "दुनिया फार खोचक झाली."

आणि मग धान कापणीला आला तसा तुमसरहून निरोप आला. वीरेंद्रच्या वडिलांचा. दिवाळी झाली, आता मंडईची जत्रा झाली की सुनेला घ्यायला येतो, फार झालं माहेरपण, लोक विचारतात. निरोप अगदी गोड होता. जावयाने सासूबाईंच्या गुडघ्याची चौकशी केली होती.

जेवताना यांनी टीव्हीला निर्णय सांगितला. मुलाखत मंडईच्या आठवड्यातच आहे. निवड झाली तर आम्ही तुमसरला कळवू की पोरगी परदेशी चालली, ते काही म्हणू शकणार नाहीत, उलट मिरवतील. "अन् नाही झाली," हे घास गिळून म्हणाले, "त पोरगी त्याईच्या संग जाईन. किती दिवस ठेवता येते?"

टीव्हीवरची बाई पावसाचं सांगत राहिली. कामिनीने भाताचा हात ताटातच ठेवला. तिच्यासाठी एकूण दोन दारं उघडी होती, एक सातासमुद्रापार आणि एक तुमसरला. ज्या घरात ती जेवत होती त्याचं दार कुणी मोजलंच नाही. मला बोलायचं होतं. मी तिला आमटी वाढली. आमच्याकडे बायका बोलायचं असलं की आमटी वाढतात.

मुलाखतीची तारीख जर्मनांनी नेमकी मंडईच्या दिवसाची दिली. त्यांना मंडई माहीत नसावी. दिवाळीनंतर आमच्याकडे गावोगावी मंडई भरते, पाहुणे लोटतात, दंडार नाचते, चौकाचौकात भोंगे लागतात. आमच्या ओसरीवर सकाळपासून माणसं. चहावर चहा. यांनी येईल त्याला सांगून ठेवलं होतं की आज पोरीची जर्मनीशी बोलणी आहेत. पाहुण्यांना वाटलं, मंडईतला हा एक नवाच कार्यक्रम आहे. सतरंजी अंथरली गेली. म्हाताऱ्या पुढे बसल्या. शकुनबाईंनी लाडू आणले. नेटवर्क घरात फक्त ओसरीच्या कोपऱ्यात येतं, नाहीतर मी तिला आतल्या खोलीत नेलं असतं आणि दाराला कडी लावली असती.

अतुलने आपल्या दुकानातला लॅपटॉप स्टुलावर मांडला. सर पडद्याआड वही उघडून बसले, डावीकडे. हायवेवरून ट्रक जात होते, चौकातून दंडारीचा ढोल येत होता. कामिनी पांढऱ्या साडीत खुर्चीवर बसली, पाठ इतकी ताठ की मला तिच्या दहावीच्या पेपरची आठवण झाली.

लॅपटॉपवर मॅडम आल्या. साठीच्या असाव्यात, केस कापसासारखे, चष्मा नाकाच्या टोकावर. अतुल तालमीत करायचा तशा मुळीच नव्हत्या. त्यांनी पाय पुढे टाकला नाही, गुटन टाग म्हटलं आणि नाव विचारायच्या ऐवजी विचारलं, आज कशा आहात.

हे संहितेत नव्हतं. कामिनी म्हणाली, माझं नाव कामिनी.

मॅडम म्हणाल्या, माझा आवाज नीट येतो का. कामिनी म्हणाली, मी सव्वीस वर्षांची आहे. मॅडम म्हणाल्या, मागे वाजतंय ते काय आहे, सण आहे का. कामिनी म्हणाली, मी लाखनीची, जिल्हा भंडारा. उत्तरं सगळी बिनचूक होती, फक्त प्रश्न चुकत होते. पाहुणे खूष होते. त्यांना फक्त एवढंच दिसत होतं की गोरी बाई विचारते आणि आपली पोरगी पटकन बोलते. पडद्याआड सर घामाघूम झाले होते. मॅडमने वाक्य सोडलं होतं आणि नाटक आमचं पडत होतं. ते एकामागून एक ओळी टाकत होते आणि त्या ओळी कामिनीच्या डाव्या कानावर आपटून सतरंजीवर पडत होत्या.

मॅडम थांबल्या. चष्मा वर केला. मग सावकाश, एकेक शब्द सोडवून बोलायला लागल्या, जसं आपण फार म्हाताऱ्या माणसाशी बोलतो. तिथे कोण बोलतंय, त्यांनी विचारलं. पडदा एकदम गप्प झाला. मग त्यांनी कामिनीकडे बघत आपल्या स्वतःच्या डाव्या कानावर बोट ठेवलं. ती प्रत्येक प्रश्नाला मान वळवून उजवा कान पुढे करत होती हे त्यांनी पाहिलं होतं. त्यांचा जन्म बहिऱ्या म्हाताऱ्यांमध्ये गेलेला, त्यांना कोण फसवणार? हा कान, त्या म्हणाल्या. काय झालं?

वर्षापेक्षा जास्त दिवस ही पोरगी आमच्यात होती. हा प्रश्न डॉक्टरांनी तिच्या बापाला विचारला होता, शकुनबाईंनी मला विचारला होता, आळीने एकमेकांना विचारला होता. तिला विचारला तो हजारो कोसांवरच्या एका बाईने, आणि तोही तिने घोकलेल्या भाषेत.

यांनी धोतराचा सोगा हातात घट्ट धरला. प्रतिष्ठेच्या दिवशी हे धोतर नेसतात. सरांना राहवलं नाही. नट अडला की ओळ टाकायची, हा धर्म. पडद्याआडून या वेळी त्यांचा आवाज सगळ्यांना ऐकू आला, तिलाही आला, "माइन मान इस्ट गूट."

तिने पडद्याकडे वळून पाहिलं. मग लॅपटॉपकडे. मग ओसरीवर टांगलेल्या चित्रातल्या माणसाकडे, ज्याच्या हातापायांना नावं लिहिली होती.

"माइन मान इस्ट निश्त गूट," ती म्हणाली. निश्त म्हणजे नाही.

कुठे अडखळली नाही. ओठांचा चंबूही झाला नाही. तिने आपला उजवा हात उघडा करून दाखवला आणि हाताचा शब्द म्हणाली. तोच हात कानावर नेला आणि कानाचा शब्द म्हणाली. नवऱ्याचा शब्द पुन्हा म्हणाली. व्याकरण त्यात काहीच नव्हतं, तीन शब्द सुटे ठेवले होते, पण मधे कुठे भिंत नव्हती. मग करारातलं परतीचं वाक्य तिने उलटं केलं. जायचा शब्द घेतला, पुढे नाही लावलं. तो त्सुर्युक तिच्या तोंडून असा निघाला की जिभेला गाठ पडते हे खोटं वाटावं. पाठ केलेल्या वाक्यांच्या अख्ख्या डोंगरातून तिने स्वतःचं म्हणून हे एवढंच काढलं होतं.

मॅडमने चष्मा काढून टेबलावर ठेवला. त्या पुढे काही लांब बोलल्या, ते मला कळलं नाही. एवढं कळलं की त्या सावकाश बोलत होत्या आणि कामिनी मान हलवत होती, आणि या वेळी प्रश्न आणि उत्तर एकाच जागी भेटत होते.

पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या.

खरंच वाजवल्या. शकुनबाईंनी सगळ्यात आधी. वही नाही, चिठ्ठी नाही, कशी फाडफाड बोलली, मी म्हटलंच होतं ज्येष्ठमधानं गुण येईन. एका म्हातारीने बोटं मोडून दृष्ट काढली. यांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच रंग आला. पास झाली का, हे अतुलला विचारायला लागले. अतुल लॅपटॉपची वायर गुंडाळत होता. त्यालाही हात, कान आणि नवरा हे शब्द येत होते.

भुपेंद्र सर पडद्याबाहेर आले. वही बंद होती. शकुनबाईंनी विचारलं, काय म्हणाली हो सर शेवटी. सरांनी कामिनीच्या डाव्या बाजूकडे पाहिलं, जिथे ते इतके महिने बसत आले होते. त्यांचा चेहरा मी त्या दिवशी पाहिला आणि मला त्यांची दया आली. ते म्हणाले, "थे... नर्सिंगबद्दल बोलली."

म्हणजे तेही आमच्यातलेच झाले. पाणी, रक्त, हवा, टूर आणि आता नर्सिंग. लाडवाचं ताट फिरायला लागलं. वृद्धाश्रमाचं काय ठरलं ते अजून कुणालाच माहीत नव्हतं, तुमसरची माणसं दोन दिवसांत यायची होती, आणि इथे पोरीच्या तोंडात शकुनबाई लाडू कोंबत होत्या. कामिनीने तो हातात घेतला. माझ्याकडे पाहत होती. मला जर्मन येतं हे तिला ठाऊक होतं का? असावं. स्वयंपाकघरातली मोहरी ओसरीवरही ऐकू येत असणार.

सासूबाई सतरंजीच्या टोकाला, माझ्या शेजारी बसल्या होत्या. त्यांनी टाळी वाजवली नव्हती. समोर डाळ नव्हती, मांजर गर्दीला भिऊन पळाली होती, टीव्ही आतल्या खोलीत बंद होता. त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला आणि माझ्याकडे तोंड करून, मलाच विचारलं.

"पुष्पा, काय म्हणाली वं पोरगी?"

यांनी माझ्याकडे पाहून मान हलवली, नाही नाही अशी, अगदी हळू. चौकातला ढोल थांबला होता. मी उठले आणि कामिनीच्या खुर्चीपाशी, तिच्या उजव्या बाजूला जाऊन उभी राहिले, म्हणजे तिलाही ऐकू जावं. आणि पहिल्या रांगेतल्यांपासून शेवटच्या रांगेपर्यंत सगळ्यांना जाईल अशा आवाजात म्हणाले,

"आई, नवऱ्यानं मारलं, कान त्यातच गेला, पाण्यानं नाही. थे आता तुमसरले वापस जाणार नाही."